बुडालेलं जहाज परत वर कोणी काढलं? : महायुद्धांच्या भाकितांची गोष्ट

(हा आजच्या भागाचा लिखित मजकूर आहे. बोलताना अडखळलो ते काढून टाकलंय, बाकी जसं बोललो तसंच ठेवलंय.)

लोकलमध्ये एका हाताने दांडी पकडून ऐकत असाल, कंपनीच्या बसमध्ये असाल, किंवा रात्री भांडी घासताना कानात इअरफोन घातला असेल, सगळ्यांचं स्वागत.

आजच्या भागाची सुरुवात आमच्या घरातून झाली. माझ्या मावसबहिणीला तैवानमधल्या एका विद्यापीठात मास्टर्सला ॲडमिशन मिळाली. विषय सेमीकंडक्टर. म्हणजे क्रिकेट शिकायला मुंबईच्या मैदानावर जाण्यासारखंच. घरात पेढे वाटून झाले आणि चार दिवसांनी मावशीला व्हॉट्सॲपवर एक व्हिडिओ आला. लाल अक्षरं, मागे ढोल-नगारे, आणि एक माणूस ठणकावून सांगतोय की २०२७ मध्ये चीन तैवानवर हल्ला करणार, तिसरं महायुद्ध सुरू होणार, सगळं ठरलंय. मावशीने जेवण सोडलं. बहिणीचा मला रात्री अकराला फोन. "दादा, तू हे सगळं वाचत असतोस ना? खरं सांग. जाऊ का नको?"

आता मी काय सांगणार? मी सॉफ्टवेअर इंजिनिअर. सैन्यातला नाही, इतिहासाचा प्राध्यापक नाही. पण मला वाटलं, २०२७ चं आपल्याला माहीत नाही, पण याआधी ज्यांचं कामच हे होतं, म्हणजे मोठ्या देशांची पुढची लढाई कशी होईल हे ओळखणं, त्यांना किती जमलं होतं? ते तर बघता येईल. मग दोन-तीन महिने त्यातच गेले. त्यातलं जे सापडलं ते आज सांगतो.

सुरुवात एका बँकवाल्यापासून करू. इव्हान ब्लोख. वॉर्सामध्ये राहणारा, रेल्वे बांधून श्रीमंत झालेला माणूस. तेव्हा वॉर्सा रशियन साम्राज्यात होतं. या गृहस्थाने १८९८ मध्ये पुढच्या युद्धावर सहा खंडांचं पुस्तक काढलं. सहा खंड! आणि आत काय? आकडे. नव्या रायफलची गोळी किती लांब जाते, बिनधुराच्या दारूमुळे गोळी कुठून आली ते कळतच नाही, खंदकात बसलेल्या एका माणसाला हटवायला समोरून किती माणसं लागतील, लाखो सैनिकांना रोज खायला किती धान्य लागेल, ते आणायला किती रेल्वे लागेल.

आणि निष्कर्ष काय काढला? की पुढचं मोठं युद्ध घोडदळाच्या धावण्याने जिंकलं जाणार नाही. दोन्ही बाजू जमिनीत खड्डे खणून बसतील. कोणालाच पुढे सरकता येणार नाही. ते वर्षानुवर्षं चालेल. शेवटी लढाईच्या मैदानावर निकाल लागणारच नाही, देश उपासमारीने आणि क्रांतीने मोडतील.

१९१४ ते १९१८ मध्ये काय झालं ते शाळेत शिकलोय आपण. खंदक, काटेरी तार, मशीनगन, चार वर्षं. रशियात क्रांती. जर्मनीत उपासमार आणि क्रांती. ब्लोखने हे सोळा वर्षं आधी लिहून ठेवलं होतं. तो १९०२ मध्येच वारला, त्यामुळे बघायला नव्हता.

मग सेनापतींनी हे वाचलं नाही का? वाचलं. बऱ्याच जणांनी वाचलं. पण त्यांचं म्हणणं, हा बँकवाला, याला लढाईतलं काय कळतंय. आणि गंमत म्हणजे मधल्या काळात एक प्रॅक्टिकलही झालं. १९०४-०५ चं रशिया-जपान युद्ध. पोर्ट आर्थर, मुकडेन. तिथे खंदक होते, काटेरी तार होती, मशीनगन होत्या. युरोपातल्या सगळ्या मोठ्या सैन्यांचे निरीक्षक तिथे वह्या घेऊन हजर होते. त्यांनी बघितलं की जपानी शिपाई हजारोंनी पडले, तरी शेवटी जपान जिंकला. त्यावरून त्यांनी शिकवण काय घेतली? की छाती आणि जिद्द असेल तर मशीनगनसमोरूनही जाता येतं. डेटा तोच. पण ज्याला जे हवं होतं, त्याने ते त्यातून काढलं.

तेव्हा जर्मनीचं काय चाललं होतं? त्यांचा प्रमुख होता श्लीफेन. १८९१ ते १९०६ पर्यंत. त्याची अडचण खरी होती. एका बाजूला फ्रान्स, दुसऱ्या बाजूला रशिया. दोघांशी एकदम लढलो तर मेलो. म्हणून त्याचा विचार असा की रशिया अवाढव्य आहे, रेल्वे कमी आहे, त्याला सैन्य गोळा करायला वेळ लागेल. तेवढ्या आठवड्यांत बेल्जियममधून वळसा घालून फ्रान्सला आडवं करायचं, मग गाड्या भरून पूर्वेकडे. हा प्लॅन आमच्या प्रोजेक्टच्या गँट चार्टसारखा होता. प्रत्येक काम आधीच्या कामावर अवलंबून आणि मध्ये एक दिवससुद्धा मोकळा नाही. आपल्यातल्या ज्यांनी असा चार्ट बघितलाय त्यांना पुढचं सांगायला नको. बेल्जियम लढला. रेल्वेचे पूल उडवले गेले. शिपाई उन्हाळ्यात पायी चालून चालून थकले, रसद मागे राहिली. रशिया अंदाजापेक्षा लवकर आला. सप्टेंबर १९१४ मध्ये मार्न नदीवर जर्मन सैन्य थांबलं आणि मग खंदक.

एका माणसाचं मात्र नाव घ्यायला हवं. ब्रिटनचा युद्धमंत्री किचनर. ऑगस्ट १९१४ मध्ये आजूबाजूचे बरेच लोक नाताळपर्यंत घरी परत येण्याच्या गोष्टी करत होते, तेव्हा त्याने मंत्रिमंडळाला सांगितलं की हे तीन वर्षं तरी चालेल आणि लाखोंची फौज लागेल. अंदाज बरोबर निघाला. म्हणजे ओळखता येतच नव्हतं असं नाही.

आणि हो, यात आपल्या पुण्याचाही एक तुकडा आहे. ब्रिटिशांच्या हिंदी सैन्याची तयारी त्या काळात कशासाठी होती? वायव्य सरहद्दीसाठी. टोळीवाले, अफगाणिस्तान, आणि त्याच्या मागून कधीतरी येणारा रशिया. तोफा, खेचरं, दवाखाने, सगळं त्या हिशोबाने. युद्ध आलं तेव्हा रशिया झाला दोस्त, आणि सैन्य गेलं भलतीकडेच, इराकमध्ये, तुर्कांशी लढायला. तिथे गेलेल्या तुकडीचं नाव सहावी पूना डिव्हिजन. त्यात मराठा पलटणीही होत्या. बगदादकडे गेले, मागे हटले, आणि डिसेंबर १९१५ मध्ये कूत नावाच्या गावात वेढ्यात अडकले. नदीवर पुरेशा बोटी नाहीत, औषधं नाहीत, शेवटी अन्न नाही. २९ एप्रिल १९१६ ला साधारण १३ हजार लोक शरण गेले आणि त्यातले बरेच कैदेत मेले. कुठल्यातरी टेबलावरचा अंदाज चुकतो ना, त्याचं बिल असं कोणाच्यातरी गावी येतं. सातारा-रत्नागिरीच्या घरात. हे लक्षात राहू द्या.

आता पुढे जाऊ, दुसरं महायुद्ध. इथे मला सगळ्यात जास्त सापडलं.

अमेरिकेने संभाव्य युद्धांना रंगांची नावं दिली होती. जर्मनी काळा, ब्रिटन लाल, जपान नारिंगी. हो, ब्रिटनशीही युद्धाचा प्लॅन होता, ते सगळं लिहून ठेवायचे. जपानविरुद्धचा तो वॉर प्लॅन ऑरेंज. ऱ्होड आयलंडमधल्या न्यूपोर्टला त्यांचं नेव्हल वॉर कॉलेज आहे. तिथे मोठ्या हॉलच्या जमिनीवर चौकोन आखलेले, त्यावर छोटी छोटी जहाजं, आणि नौदलाचे अधिकारी गुडघ्यावर बसून ती सरकवतायत. दोन महायुद्धांच्या मधल्या वीस वर्षांत जपानविरुद्धचा खेळ शंभराहून जास्त वेळा खेळला गेला.

सुरुवातीला त्यांचा विचार सोपा होता. युद्ध सुरू झालं की सगळं आरमार घेऊन थेट फिलिपिन्सला जायचं. खेळून बघितलं की हरायचे. पुन्हा खेळले, पुन्हा हरले. इंधन संपायचं, वाटेत जहाजं दुरुस्त करायला जागा नसायची. मग हळूहळू त्यांना कळलं की थेट जाता येणार नाही, एकेक बेट घेत जावं लागेल, वाटेत तळ बांधावे लागतील, वर्षं लागतील. अर्ल एलिस नावाच्या मरीन अधिकाऱ्याने तर १९२१ मध्येच मायक्रोनेशियाची बेटं कशी घ्यायची याचा आराखडा लिहिला होता. वीस वर्षांनी युद्ध झालं ते बरंचसं तसंच झालं. युद्धानंतर ॲडमिरल निमिट्झ म्हणाले होते की न्यूपोर्टच्या त्या खोल्यांमध्ये आम्ही हे युद्ध इतक्या वेळा खेळलो होतो की शेवटच्या काळातले कामिकाझे सोडले तर कशाचंच आश्चर्य वाटलं नाही.

ऐकायला भारी वाटतं. पण थोडं थांबा. म्हातारपणी प्रत्येकाला वाटतं की आपल्याला सगळं माहीत होतं. या लोकांनी पाणबुड्यांचं काय ठरवलं होतं? की त्यांनी आरमाराच्या पुढे जाऊन टेहळणी करायची आणि शत्रूच्या युद्धनौका बुडवायच्या. प्रत्यक्षात पर्ल हार्बरच्या दिवशीच हुकूम निघाला की जपानची कुठलीही जहाजं बुडवा, आणि जपानची जी मालवाहू जहाजं बुडाली त्यातली निम्म्याहून जास्त पाणबुड्यांनीच बुडवली. जपानचा गळा आवळला तो त्यांनी. आणि दोन बाजूंच्या युद्धनौका समोरासमोर रांगा लावून एकच निर्णायक लढाई करतील, हे जे खेळात सारखं यायचं, ते तसं झालंच नाही.

आता पर्ल हार्बर. ७ फेब्रुवारी १९३२, रविवार, पहाट. ॲडमिरल हॅरी यार्नेल नावाच्या अमेरिकन अधिकाऱ्याने सरावात शत्रूची बाजू घेतली. युद्धनौका मागे ठेवल्या, दोन विमानवाहू जहाजं घेतली, सॅराटोगा आणि लेक्सिंग्टन, खराब हवेच्या आडून हवाईच्या ईशान्येला आला आणि पहाटे विमानं सोडली. खाली सगळे झोपेत. पंचांनी अहवाल लिहिला. त्यात काय म्हटलं असेल? की बचाव करणारी विमानं तगडी असतील तर हल्ला करणाऱ्या विमानवाहू जहाजांचंच मोठं नुकसान होईल, त्यामुळे असा हल्ला जमेल की नाही याची शंका आहे.

नऊ वर्षांनी, ७ डिसेंबर १९४१, रविवार, सकाळ. उत्तरेकडून सहा जपानी विमानवाहू जहाजं.

बरं, तेव्हा अमेरिकन गाफील होते का? दहा दिवस आधी वॉशिंग्टनहून युद्धाचा इशारा आला होता. पण सगळ्यांच्या डोक्यात फिलिपिन्स, मलाया, थायलंड होतं. हवाईतल्या सेनापतीला भीती होती घातपाताची, म्हणून त्याने विमानं एकमेकांना खेटून रांगेत उभी केली, म्हणजे पहारा ठेवायला सोपं. वरून बॉम्ब टाकणाऱ्यासाठी याहून सोयीचं काय असणार! ज्या धोक्याची तयारी केली होती, त्या तयारीनेच दुसऱ्या धोक्याला दार उघडलं.

आता जपानची बाजू. या गोष्टीसाठी मी हा भाग करतोय.

१९४० मध्ये टोकियोत सरकारने एक संस्था काढली, सर्वंकष युद्ध अभ्यास संस्था म्हणू आपण. १९४१ च्या एप्रिलमध्ये पहिली बॅच आली. पस्तीसेक जण. वेगवेगळ्या खात्यांतले अधिकारी, लष्कर आणि नौदलातले, पत्रकार, जहाज कंपनीतला माणूस. वय सगळ्यांचं तिशीच्या आसपास. म्हणजे आपल्याहून थोडे मोठे. त्यांना सांगितलं, तुमचं एक खोटं मंत्रिमंडळ बनवा. तू पंतप्रधान, तू अर्थमंत्री, तू नौदलमंत्री. आणि अमेरिकेशी युद्ध झालं तर काय होईल ते खेळून काढा.

प्रत्येकाकडे आपापल्या खात्याचे खरे आकडे होते. जपानला लागणाऱ्या तेलातलं साधारण ८० टक्के अमेरिकेतून यायचं. ते बंद झालं तर? दक्षिणेला डच बेटांवर तेल आहे, ते घ्यावं लागेल. घेऊ. पण घेतलेलं तेल जपानपर्यंत आणायचं कशातून? जहाजातून. महिन्याला किती जहाजं बुडतील? किती नवी बांधता येतील? गुणाकार-भागाकार. बुडण्याचा वेग बांधण्यापेक्षा जास्त. इथेच सगळं संपतं. कारण तेल नाही तर विमान नाही, आरमार नाही, कारखाना नाही.

ऑगस्ट १९४१ च्या अखेरीस पंतप्रधान कोनोए आणि लष्करमंत्री तोजो यांच्यासमोर या पोरांनी निकाल मांडला. सुरुवातीला आपण जिंकू. मग युद्ध लांबेल. जहाजं संपतील. शेवटी सोव्हिएत रशियाही उतरेल. आपण हरू. म्हणून हे युद्ध करू नये. पुढे जे घडलं त्यातलं पर्ल हार्बर आणि अणुबॉम्ब सोडलं तर बहुतेक सगळं त्यात होतं.

तोजो वहीत टिपणं घेत होते म्हणतात. शेवटी ते जे बोलले त्याचा आशय असा, की तुम्ही मेहनत केलीत, पण हे टेबलावरचं गणित आहे, खरं युद्ध असं चालत नाही. रशियाशी लढलो तेव्हाही जिंकू असं कोणाला वाटलं होतं? तुमच्या हिशोबात अनपेक्षित गोष्टी धरलेल्या नाहीत. आणि हो, याची बाहेर वाच्यता करू नका.

दोन महिन्यांच्या आत तोजो पंतप्रधान झाले. डिसेंबरमध्ये युद्ध सुरू.

मी हे पहिल्यांदा वाचलं तेव्हा मला त्या पोरांचा विचार येत राहिला. त्यांनी आकडे काढले, बरोबर काढले, देशाच्या सर्वोच्च माणसांसमोर मांडले. आणि मग आपापल्या ऑफिसात परत गेले आणि चार वर्षं ते आकडे खरे होताना बघत बसले.

अजून एक प्रसंग, मे १९४२. मिडवेच्या लढाईआधी जपानी नौदलाने यामातो जहाजावर वॉर गेम खेळला. अमेरिकन विमानांनी हल्ला केला तर किती बॉम्ब लागतील यासाठी फासे टाकले. पंचाने निकाल दिला, नऊ बॉम्ब लागले, अकागी आणि कागा ही दोन विमानवाहू जहाजं बुडाली. खेळावर देखरेख करत होते ॲडमिरल उगाकी. ते म्हणाले, नाही नाही, तीनच लागले असं धरा. म्हणजे कागा बुडालं, अकागीचं थोडं नुकसान. आणि गंमत पुढे आहे. मोहिमेच्या पुढच्या टप्प्याचा खेळ सुरू झाला, तर बुडालेलं कागा पुन्हा हजर! समुद्राच्या तळातून वर काढलं.

४ जून १९४२. मिडवे. अकागी, कागा, सोर्यू, हिर्यू. चारही गेली.

काही अभ्यासक म्हणतात की उगाकींचा निर्णय अगदीच वेडेपणाचा नव्हता, फाशांचं दान कधीकधी अवास्तव पडतं, पंचाला ते सुधारावं लागतं. मान्य. पण "तीन लागले तर असं होईल, आणि नऊ लागले तर काय करायचं?" हा प्रश्न कोणीतरी विचारायला हवा होता. तो राहून गेला.

इथे मला माझीच एक गोष्ट सांगायला हवी. ती सांगितली नाही तर हे सगळं दुसऱ्यांना नावं ठेवल्यासारखं होईल.

नोकरीच्या दुसऱ्या वर्षी एका सणाच्या सेलआधी आमच्या सिस्टीमची लोड टेस्ट मी केली. किती लोक एकदम आले तर काय होईल ते तपासायचं. टेस्टमध्ये एका ठरावीक आकड्याच्या पुढे डेटाबेस लटकत होता. दोनदा केली, दोनदा लटकला. मीटिंगमध्ये सांगितलं. तारीख जवळ आलेली, सगळे थकलेले. सीनियर म्हणाले, "इतके लोक येणारच नाहीत, आकडा जरा वास्तववादी घे ना." मी घेतला. कोणी माझा हात धरला नव्हता. शीटमधला आकडा मीच खाली केला, टेस्ट पुन्हा चालवली, सगळं हिरवं. सेलच्या रात्री नऊ वाजता सगळं बसलं. नंतरच्या मीटिंगमध्ये सगळे म्हणत होते, "अनपेक्षित लोड आला." मी पण मान हलवली. अनपेक्षित? माझ्या पहिल्या शीटमध्ये तो आकडा लिहिलेला होता! बुडालेलं जहाज मीच वर काढलं होतं. आमच्याकडे काही तासांचे पैसे गेले, कोणी मेलं नाही. एवढाच फरक.

बरं, भाकीत उलट्या बाजूने चुकलं तर? तेही झालंय. १९३० च्या दशकात ब्रिटनची खात्री होती की युद्ध झालं की पहिल्या दिवसापासून लंडनवर बॉम्बचा पाऊस पडणार. १९३२ मध्ये बाल्डविन संसदेत म्हणाले की काहीही केलं तरी बॉम्बफेकी विमान पोचणारच. १९३७ चा सरकारी अंदाज होता की साठ दिवसांत सहा लाख मृत आणि बारा लाख जखमी. प्रत्यक्षात संपूर्ण सहा वर्षांच्या युद्धात बॉम्बहल्ल्यांत साधारण साठ हजार नागरिक मेले. ती संख्याही भयंकरच. पण अंदाजाच्या दहावा हिस्सा.

या भीतीचे परिणाम दोन्ही बाजूंनी झाले. १९३८ मध्ये म्युनिकला हिटलरसमोर झुकताना ही भीती डोक्यात होतीच. पण याच भीतीने कोट्यवधी गॅस मास्क वाटले गेले, मुलांना शहराबाहेर हलवायची व्यवस्था झाली, आणि डाउडिंगसारख्या माणसाने, विमान पोचणारच हे गृहीत न धरता, रडार, टेलिफोन आणि लढाऊ विमानं यांची एक साखळी उभी केली. १९४० मध्ये त्या साखळीने ब्रिटन वाचला. गॅस मास्क मात्र लागलेच नाहीत, शहरांवर गॅस कोणी टाकलाच नाही. चुकीच्या अंदाजातून काही कामाचं निघालं, काही फुकट गेलं.

आणि शेवटचं, शीतयुद्ध. १९७९ च्या एका सरावाची कागदपत्रं पोलंडने २००५ मध्ये खुली केली. त्यात वॉर्सा कराराचं सैन्य सात दिवसांत ऱ्हाइन नदीपर्यंत जातं. सात दिवस! आणि वाटेत दोन्ही बाजूंचे अणुबॉम्ब, पोलंड स्वतः भाजून निघालेलं. अमेरिकेने १९८३ मध्ये प्राउड प्रॉफेट नावाचा खेळ खेळला, त्यात खरा संरक्षणमंत्री निर्णय घेत होता. मर्यादित अणुहल्ला करू, मग समोरचा घाबरून थांबेल, असे जे डावपेच होते ते वापरून बघितले. समोरचा थांबला नाही. शेवट सगळ्या जगाच्या राखेत झाला. त्यानंतर अमेरिकेची बोलायची भाषा बदलली, असं त्या खेळावर लिहिणारे सांगतात. ते युद्ध झालं नाही. मग भाकीत चुकलं म्हणायचं का? मी तर म्हणेन, ते चुकावं यासाठीच तो खेळ खेळला होता.

आता परत २०२७ कडे. हा आकडा आला कुठून? मार्च २०२१ मध्ये अमेरिकेचे ॲडमिरल डेव्हिडसन यांनी सिनेटसमोर सांगितलं की तैवानला असलेला धोका या दशकात, किंबहुना येत्या सहा वर्षांत, समोर येऊ शकतो. २०२१ अधिक ६, २०२७. पुढे २०२३ मध्ये सीआयएचे प्रमुख बर्न्स म्हणाले की चीनच्या नेतृत्वाने सैन्याला २०२७ पर्यंत तयार राहायला सांगितलंय, पण याचा अर्थ हल्ल्याचा निर्णय झालाय असा नाही. व्हिडिओत पहिलं अर्धं वाक्य आलं. दुसरं अर्धं गळालं.

जानेवारी २०२३ मध्ये सीएसआयएस या अमेरिकन संस्थेने या युद्धाचा खेळ २४ वेळा खेळून अहवाल काढला. बहुतेक वेळा चीनचा ताबा घेण्याचा प्रयत्न फसतो, पण अमेरिका आणि जपानची डझनावारी जहाजं, शेकडो विमानं जातात, तैवान उद्ध्वस्त होतं. आणि लांब पल्ल्याची जहाजविरोधी क्षेपणास्त्रं पहिल्या आठवड्यातच संपतात. बघा, पुन्हा तेच. ब्लोखचं धान्य, जपानचं तेल, आता क्षेपणास्त्रं. कोण शूर यापेक्षा काय कधी संपतं, हा हिशोब बरोबर निघतो. त्या अहवालात कुठेही लिहिलेलं नाही की युद्ध होणारच. "झालं तर असं होईल" एवढंच आहे.

मी बहिणीला फोनवर हेच सांगितलं. म्हटलं, बघ, मला जे दिसलं ते असं. युद्ध झालं तर कसं होईल, हे लोकांनी बऱ्याचदा ओळखलंय. कधी होईल, आणि होईल का, हे क्वचितच. कारण ते जहाजांच्या संख्येवर ठरत नाही, एखाद्या खोलीतली चार माणसं काय ठरवतात त्यावर ठरतं. त्यामुळे कोणी तारीख सांगत असेल तर त्याच्याकडे दुर्लक्ष कर. "झालं तर" असं बोलणाऱ्याचं मात्र नीट ऐक, आणि त्याने सांगितलेला नकोसा आकडा खोडू नकोस.

ती म्हणाली, "म्हणजे जाऊ ना?"

मी म्हटलं, ते तू ठरव. पण जाणार असशील तर नऊ बॉम्ब लागले असं धरून एक पान लिही. तिथल्या भारतीय कार्यालयात, म्हणजे इंडिया तैपेई असोसिएशनमध्ये नाव नोंदव. थोडे पैसे असे ठेव की एका दिवसात तिकीट काढता येईल. कागदपत्रांच्या प्रती मावशीकडे ठेव. बाहेर पडायचं तर पहिल्या बातमीला, गर्दी व्हायच्या आधी. हे लिहून झालं की ते पान बाजूला ठेव आणि अभ्यासाला लाग.

तिने पान लिहिलं. मावशीने ते चष्मा लावून दोनदा वाचलं, आणि म्हणाली, "यात भूकंपाचं काही नाहीये. तिथे भूकंप होतात ना?"

मी गप्प. महायुद्धांची दोन-तीन महिने पुस्तकं वाचली आणि भूकंप माझ्या डोक्यातच नव्हता! तैवानमध्ये १९९९ मध्ये मोठा भूकंप झाला, दोन हजारांहून जास्त लोक गेले. मावशीने ते कुठेतरी वाचलेलं. मग ते पान आम्ही पुन्हा लिहिलं, तिघांनी मिळून. मावशी त्या दिवशी जेवली.

तुमच्या घरातही असे व्हिडिओ येत असतील. तुम्ही काय सांगता घरच्यांना? आणि शीटमधला आकडा तुम्ही कधी खाली केलाय का? कॉमेंटमध्ये सांगा, नाव न लिहिता सांगितलंत तरी चालेल. पुढच्या भागात भेटू. काळजी घ्या.